कलशाखालची पाकिटं

मनोरमा धुरीनं वीस वर्षं पापलेट तोंडात घातलं नाही.

ऐकणाऱ्याला हसू येतं, पण तिच्या माहेरच्यांना विचारा. मालवणच्या बाजूची पोर. लग्न ठरलं तेव्हा तिच्या वडलांनी व्याह्यांना सांगितलं होतं म्हणे, "सोनं एखाद गुंज कमी घाला, पण पोरीच्या ताटात तुकडी कमी पडू देऊ नका." अशा बाईनं २००५ च्या मार्चमध्ये नव्या घरात दूध उतू घालवलं, कुलदेवतेच्या तसबिरीपुढे पदर पसरला आणि सांगितलं, "आई, हे घर बँकेच्या तावडीतून सुटेल त्या दिवशी पापलेट खाईन. तोवर नाही."

घर म्हणजे भाईंदर पश्चिमेला, मुर्ध्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर, दुसऱ्या मजल्यावरची एक खोली, हॉल आणि किचन. त्याआधी ती, नवरा श्रीपती आणि सहा वर्षांची क्षितिजा जोगेश्वरीत भाड्यानं राहायची. अकरा महिने झाले की ॲग्रीमेंट संपायचं, मालक भाडं वाढवायचा, की निघाले गॅस-शेगडी आणि देव घेऊन दुसरीकडे. अशी पाच बिऱ्हाडं झाली. पाचव्या बिऱ्हाडात मालकीण म्हणाली, "देवघराचा खिळा ठोकू नका हं भिंतीला." त्या दिवशी मनोरमा नवऱ्याला म्हणाली, "अहो, आपली एक भिंत घ्या. बाकी काही मागत नाही."

श्रीपती अंधेरीला औषधांच्या कंपनीत स्टोअर सांभाळायचा. माणूस पापभीरू, हिशोबाला चोख, पण समोरचा टाय लावून बोलायला लागला की मान डोलवणारा. नऊ लाखांचं कर्ज मिळालं. वीस वर्षं, दोनशे चाळीस हप्ते, दर महिन्याच्या पाच तारखेला सात हजार पाचशे अठ्ठावीस. श्रीपती अठ्ठावन्नाव्या वर्षी रिटायर होणार मे २०२५ मध्ये आणि शेवटचा हप्ता जाणार त्याच वर्षी फेब्रुवारीत. "देवीनंच जुळवून आणलंय," मनोरमा म्हणाली.

भिंतीवरच्या कॅलेंडरात पाच तारखेच्या चौकोनात ती आकडा लिहायला लागली. एक. दोन. तीन. आधी देवाला दिवा, मग आकडा. वर्ष संपलं की कॅलेंडर गुंडाळून, दोरा बांधून माळ्यावर.

आणि दिवाळीला पाकिटांची पूजा.

ही पूजा तिच्या माहेरची नाही की सासरची नाही. ती या इमारतीत आल्यावर सुरू झाली. समोरच्या दारात हंसाबेन, त्यांचं बालाजीनगरला भांड्यांचं दुकान. पहिल्याच दिवाळीत लक्ष्मीपूजनाला त्यांनी मनोरमाला बोलावलं. पाटावर हिशोबाचा लाल चोपडा, त्यावर कुंकवानं स्वस्तिक, 'शुभ-लाभ', वर सुपारी. मनोरमाला ते फार आवडलं. घरी आली, पाट मांडला आणि तिच्या लक्षात आलं की आपल्याकडे चोपडा नाही. नोकरदाराच्या घरात कुठली वही? तेवढ्यात कपाटातलं बँकेचं पाकीट दिसलं. घराचे पैसे त्यातच, म्हणजे लक्ष्मी त्यातच. तिनं ते पाकीट कलशाखाली ठेवलं, हळदकुंकू वाहिलं.

"उघडलंत का हो हे?" तिनं विचारलं होतं तेव्हा.

"इंग्लिशमध्ये आहे. चार पानं. बँकेचं रूटीन असतं," श्रीपती आकाशकंदिलाची वायर जोडत म्हणाला. "जपून ठेव म्हणजे झालं."

जपून ठेवायचं तर देवाजवळ, दुसरीकडे कुठे? त्यानंतर बँकेचं जे जे पाकीट आलं ते देवघराच्या खालच्या खणात, पितळी डब्यात गेलं. दर दिवाळीला गठ्ठा निघायचा, कलश वर बसायचा, कुंकवाची बोटं उमटायची आणि गठ्ठा परत डब्यात. पाकीट फोडणं तिच्या मनाला शिवलंही नाही. वाहिलेल्या नारळासारखंच ते. फोडायला कारण लागतं.

मध्ये एकदाच काहीतरी हललं. २००८ च्या फेब्रुवारीत बँकेतून फोन आला, श्रीपती जेवणाच्या सुट्टीत जाऊन सही करून आला.

"हप्ता वाढलाय. आता आठ हजार नऊशे."

"का?"

"रेट वाढलेत सगळीकडे. सगळ्यांचेच वाढलेत."

सगळ्यांचे वाढलेत म्हटल्यावर बोलायचं काय? मनोरमानं दूध अर्धा लिटरनं कमी केलं, रिक्षा बंद करून स्टेशनपर्यंत चालायला लागली आणि कॅलेंडरवर सदतीस लिहिलं. हप्ता वाढला, आकडा तोच. दोनशे चाळीसातून सदतीस गेले. एवढं गणित तिला येत होतं आणि ते बरोबरही होतं, फक्त ते तिचं होतं, बँकेचं नव्हतं.

उत्तनची मार्था दर बुधवारी टोपली घेऊन जिन्यात यायची. बांगडे, बोंबील, कधी सुरमई. पापलेट असलं की मुद्दाम वर ठेवायची आणि मनोरमाला डिवचायची.

"वैनी, बग कसा चांदीसारका हाय. घे गो, तुजी देवी काय बगाला येते?"

"येते. ठेव तू ते हंसाबेनच्या..." असं म्हणून मनोरमाच हसायची, कारण हंसाबेन कांदाही खायच्या नाहीत. "दे बोंबलांचा वाटा."

"किती र्‍हायले?"

"एकशे बारा."

"माजे दात तवर र्‍हातील का न्हाय, काय म्हाईत. तुला शेवटच्या दिसाला मी देनार, पैसं न्हाय घेनार."

क्षितिजाची दहावी झाली, बारावी झाली, तिला मीरारोडच्या बालवाडीत नोकरी लागली. खिडकीतून दिसणारं मिठागर आधी पांढरं, मग तपकिरी आणि मग टॉवर झालं. आईची शेवटची खूण म्हणून आलेल्या चार तोळ्यांच्या पाटल्या मनोरमानं क्षितिजाच्या लग्नासाठी फडक्यात बांधून ठेवल्या होत्या. माहेरच्या जमिनीचे दीड लाख आले, तेव्हा श्रीपती म्हणाला, "कर्जात भरूया का?" तीच म्हणाली, "कशाला? हप्ता तर चालूच आहे ना वेळच्या वेळी. पोस्टात टाकूया, पोरीला होतील." पोरीच्या कॉलेजला ते गेलेही. ते चूक म्हणवत नाही. पण पुढे तिला ते वाक्य फार आठवलं.

पाच फेब्रुवारी २०२५, बुधवार. सकाळी श्रीपतीच्या मोबाइलवर हप्ता कापल्याचा मेसेज आला. मनोरमानं दिवा लावला, चौकोनात दोनशे चाळीस लिहिलं आणि भोवती कुंकवाचं गोल वाटोळं काढलं. रविवारी सत्यनारायण ठरला होता, गुरुजींना सांगून झालं होतं, इमारतीत आमंत्रणं गेली होती. ती ठेवणीतली साडी नेसली. श्रीपतीनं रजा टाकली होती. पाव किलो पेढे घेऊन दोघं बँकेत गेली, घराचे मूळ कागद आणायला.

काउंटरवरच्या मुलीच्या छातीवर नाव होतं, रुचिता. तिनं नंबर टाकला, स्क्रीन पाहिली, मग त्या दोघांकडे पाहिलं, मग पेढ्यांकडे.

"काका, लोन क्लोज नाही झालंय. अजून बासष्ट ईएमआय आहेत."

श्रीपती हसला. "नाही, नाही. धुरी. श्रीपती धुरी. नीट बघा."

"तुमचंच आहे. आउटस्टँडिंग चार लाख चौदा हजार."

"अगं बाई, दोनशे चाळीस झाले आज," मनोरमा म्हणाली. "मी लिहिलेत. एकही चुकला नाही."

"काकू, हप्ते नाही चुकलेत, तुमचा रेकॉर्ड एकदम क्लीन आहे." मुलगी चांगली होती, आवाज खाली आणून बोलत होती. "फ्लोटिंग रेट आहे ना तुमचा. रेट वाढला की हप्ता तेवढाच ठेवून मुदत वाढवतात. हप्ता थोडा वाढवूनही तुमची मुदत तीनशे दोन महिने झाली, दोन हजार आठलाच. लेटर गेलंय तेव्हा. दर वेळी लेटर जातंच."

"लेटर," मनोरमा म्हणाली.

"आलं असेल बघा घरी."

मनोरमानं पेढ्यांचा पुडा पिशवीत परत घातला. आलं असेल काय, आलंच होतं. तिनं स्वतःच्या हातानं सही करून पोस्टमनकडून घेतलं होतं आणि कपाळाला लावून आत ठेवलं होतं.

दुपारी जिन्यात टोपली आपटल्याचा आवाज आला. मार्था वर्षभर गुडघ्यांमुळे दुसऱ्या मजल्यावर चढत नव्हती, त्या दिवशी चढून आली. केळीच्या पानात दोन पापलेटं.

"वैनी! आज हाय ना तुजा दिस? घे. पैसं न्हाय घेनार बोललेली ना?"

मनोरमा दारात उभी राहिली. "आज नाही, मार्था."

"न्हाय? का?"

"अजून बासष्ट आहेत."

मार्थानं टोपलीच्या काठावर हात टेकला. तिला वाटलं वैनी थट्टा करते. मग तिनं तोंड पाहिलं. "तू तर मोजत हुतीस गो," ती म्हणाली. बस, एवढंच. तिच्या मनात काही नव्हतं. पण दिवसभरात मनोरमाला लागलं ते एवढंच.

शनिवारी दुपारी मायलेकी देवघरापुढे बसल्या. पितळी डबा मध्ये. एकोणतीस पाकिटं निघाली. जुन्यांना कापराचा वास, काही निरांजनाच्या तुपानं एकमेकांना चिकटलेली, प्रत्येकावर कुंकवाची बोटं. क्षितिजा सुरीनं फोडत होती आणि सांगत होती. श्रीपती हॉलमध्ये पेपर उघडून बसला होता, पान उलटत नव्हता.

"हे दोन हजार सहाचं. रेट वाढला, मुदत वाढली. हे सातचं. परत वाढली. हे आठचं." क्षितिजा थांबली. "आई, इथे स्पष्ट लिहिलंय. ठळक अक्षरात. 'सुधारित मुदत ३०२ महिने.' सोबत बाबांनी सही केलेल्या फॉर्मची प्रत आहे."

"पुढचं."

पुढचं पाकीट २०१० चं, दिवाळीच्या आधीचं. क्षितिजानं ते दोनदा वाचलं. मग मोबाइलवर बराच वेळ आकडे करत बसली.

"बोल की."

"नव्या ग्राहकांना व्याज कमी होतं तेव्हा, नऊ टक्के. तुम्हा जुन्यांना साडेअकरा. बँक म्हणतेय, एकदा फी भरा, तुम्हालाही नऊ करून देतो. फी साडेचार हजार आणि वर सत्तर रुपये." ती आईकडे न बघता म्हणाली, "भरली असती आणि हप्ता हाच ठेवला असता तर गेल्या वर्षीच्या होळीला संपलं असतं गं."

मनोरमाची नजर देवघरात गेली. चांदीच्या निरांजनांचा जोड. २०१० च्या धनत्रयोदशीला घेतला होता, साडेचार हजारांना. त्याच जोडानं त्याच पाकिटाला ओवाळलं होतं.

देवीला दोष तरी कसा द्यायचा? तिच्या पायाशी तर सगळं लिहून ठेवलेलं होतं.

"एकूण किती गेले आपले?"

"आतापर्यंत वीस लाख शहाऐंशी हजार. त्यातले मुद्दलात गेले ते पाच लाखसुद्धा नाहीत."

"आणि घेतले होते नऊ."

"नऊ."

मनोरमा उठून हॉलमध्ये गेली. "अहो, पेपर खाली ठेवा. दर मार्चला तुम्ही बँकेतून एक कागद आणायचात, ऑफिसात द्यायला, टॅक्ससाठी. त्यात काय असायचं?"

"व्याज किती भरलं ते."

"आठवतंय मला. खूश असायचात. व्याज जास्त म्हणजे टॅक्स कमी, म्हणायचात. आणि शेवटच्या ओळीत?"

श्रीपतीनं चष्मा काढला, पुसला, परत घातला. "बाकी."

"वाचलीत कधी?"

त्यानं पेपरची घडी घातली. "चार-पाच वर्षांपूर्वी नजर गेली. आकडा मोठा वाटला. म्हटलं, त्यांच्यात काहीतरी वेगळी पद्धत असेल. मग पुढच्या वर्षीही मोठाच होता."

"आणि मला सांगितलं नाहीत."

"तू कॅलेंडरवर इतक्या ठामपणे लिहायचीस गं. वाटलं, तू म्हणतेस तर दोनशे चाळीसच असतील. विचारायला गेलो आणि नसले तर?"

भांडायचं म्हणून ती आली होती, पण भांडण उभंच राहिना. तो तिच्या आकड्यांवर विसंबला, ती त्याच्या सहीवर, आणि दोघं मिळून देवीवर. बँक तेवढी कुणावर विसंबली नाही. तिनं सगळं लेखी दिलं.

रविवारी सत्यनारायण झाला. देवाला दिलेला शब्द मोडता येत नाही आणि पंचवीस माणसांना फोन करून सांगायचं तरी काय? येणारा प्रत्येक जण म्हणत होता, "सुटलात हो!", "आता मज्जा आहे वहिनी, महिन्याचे नऊ हजार सुटले." मनोरमा द्रोणात शिरा घालत होती आणि "त्याचीच कृपा" म्हणत होती. खोटं बोलल्याचं पाप सत्यनारायणापुढेच जमा होत होतं.

फक्त हंसाबेन मागं रेंगाळल्या. किचनमध्ये येऊन हळूच म्हणाल्या, "भाभी, तमारा चेहरा क्यूँ उतरा है? क्या हुआ?"

मनोरमानं सांगितलं. पाकिटं, कलश, कुंकू, सगळं. हंसाबेननं तोंडावर हात ठेवला. कीव आली त्यांना, पण जन्म दुकानदारीत गेलेला, जीभ राहिली नाही.

"अरे राम. भाभी, हम लोग चोपडा पूजते हैं, पण पहले वाँचते हैं. पूरा साल वाँचते हैं, एक दिन पूजते हैं. तुमने उलटा किया."

दुसऱ्या दिवसापासून मनोरमाला एक नवं गणित जडलं. क्षितिजाकडून तिनं समजून घेतलं होतं की बाकीवर रोज साधारण एकशे तीस रुपये व्याज चढतं. सकाळी डोळे उघडले की एकशे तीस. एकादशीच्या उपासालाही एकशे तीस. माळ ओढताना मणी पुढे सरके आणि मनात एकशे तीस. नामस्मरणात इतकी वर्षं जे कधी शिरलं नव्हतं ते शिरलं.

श्रीपती म्हणाला, "मेमध्ये ग्रॅच्युइटी मिळेल. त्यातून टाकू भरून."

"त्याला हात लावायचा नाही. ते आपलं म्हातारपण आहे."

"मग?"

तिनं फडकं सोडून पाटल्या त्याच्यापुढे ठेवल्या.

"त्या क्षितिजाच्या आहेत."

"तिला विचारलंय." विचारलं होतं, आणि पोर "घे की आई" म्हणाली होती, पण म्हणताना तिनं एक पाटली हातात घालून बघितली होती. मनोरमानं ते पाहिलं होतं. "मेपर्यंत थांबायचं म्हणजे रोजचे एकशे तीस. मी नाही थांबत आता."

तरी नाही नाही म्हणता दोन महिने गेले. एप्रिलच्या मध्याला सोनाराकडे गेल्या पाटल्या. वर लागले ते तिच्या पोस्टाच्या आरडीतून काढले. चार लाख पाच हजार भरले. या वेळी काउंटरवर तिनं रुचिताला प्रत्येक कागद मोठ्यानं वाचायला लावला, मराठीतून अर्थ सांगायला लावला. मागे रांग लागली, एक माणूस कुरकुरला, "मावशी, जल्दी." मनोरमा वळून म्हणाली, "बीस साल जल्दीच केलं भाऊ." आणि परत पुढे वळली.

मेच्या दुसऱ्या आठवड्यात मूळ कागद आणि 'काही देणं नाही' असं पत्र हातात आलं. घरी आल्यावर श्रीपतीनं सवयीनं ते देवघराकडे नेलं. "तिकडे नको," ती म्हणाली. पत्र कपाटात, लाइट बिलांच्या फाइलीत गेलं. पितळी डब्यात तिनं साखर भरली.

बुधवारी मार्था आली. जिन्याखालूनच हाक मारली, मनोरमा खाली गेली. एकच पापलेट होतं, तळहाताएवढं. "मोटा गावत न्हाय आता," मार्था म्हणाली. "आन् जूनला बंदी लागेल. हाच घे. बोललेली तसा, पैसं नको." मनोरमानं पैसे दिलेच. फुकट काही नको होतं तिला.

तिनं ते हळद, मीठ आणि कोकमाचं आगळ लावून, रव्यात घोळवून, स्वतःच्या हातानं तळलं. क्षितिजा बालवाडीच्या सुट्टीतल्या शिबिराला गेली होती, श्रीपती शिल्लक रजेवर होता. दुपारी दोघंच जेवायला बसली. श्रीपतीनं आपल्या ताटातली तुकडी उचलून तिच्या ताटात ठेवली आणि ती पहिला घास कधी घेते याची वाट बघत राहिला. वीस वर्षांनी काहीतरी बोलेल, हसेल, निदान डोळे पुसेल असं त्याला वाटत असावं.

मनोरमानं काटा बाजूला केला, घास घेतला, चावला, गिळला. मग म्हणाली, "टीव्हीवर एक पाकीट आहे. सोसायटीचं. सकाळी वॉचमन देऊन गेला."

"हो, पाहिलं. गळतीच्या दुरुस्तीचं असेल. जेवण झाल्यावर—"

"उघडलंत?"

"नाही अजून."

"आत्ता उघडा."

तो उष्टा हात धुऊन आला, पाकीट फोडलं, चष्मा लावला. "सर्व सभासदांना कळविण्यात येते की इमारतीच्या दुरुस्तीचा खर्च प्रत्येक सदनिकेस रुपये एक लाख ऐंशी हजार... सदर रक्कम एकरकमी अथवा साठ मासिक हप्त्यांत..." त्याचा आवाज बारीक होत गेला. "पुढे काय, नेहमीचंच आहे."

"नेहमीचंच पण वाचा," मनोरमा म्हणाली. तिनं दुसरा घास घेतला. "आणि हप्त्यावर व्याज किती लिहिलंय, ती ओळ दोनदा वाचा. मोठ्यानं."